चांगदेवाचा हेमचंद्र

बारशाच्या दिवशी आत्या बाळाच्या कानाशी वाकून नाव सांगते आणि तिच्या पाठीवर धपाटे बसतात. त्याआधी महिनाभर घरात चर्चा झालेली असते. नावाचा अर्थ काय, आजीला ते नीट उच्चारता येईल का, शाळेत मुले चिडवणार तर नाहीत ना, असे सगळे प्रश्न निघतात. कोणी पंचांग काढतो, कोणी नावांचे पुस्तक आणतो. अशा याद्यांमध्ये हेमचंद्र हे नाव आजही अधूनमधून दिसते. अर्थ सोपा आहे. हेम म्हणजे सोने. चंद्र या शब्दाच्या मुळाशी चमकणे आणि आनंद देणे हे दोन्ही अर्थ आहेत. हेमचंद्र म्हणजे सोन्यासारखा झळाळणारा चंद्र. मुलासाठी याहून सुंदर नाव कोणते असणार?

पण गंमत अशी, की ज्या माणसामुळे हे नाव देशभर पोचले, त्याच्या कानात बारशाला ते कोणी सांगितलेच नव्हते. आचार्य हेमचंद्र हे त्यांचे तिसरे नाव. ते मिळाले तेव्हा त्यांनी विशी ओलांडली होती. पहिले नाव आईबापांनी दिले, दुसरे गुरूंनी दीक्षेच्या वेळी, आणि तिसरे आचार्यपदाबरोबर आले. प्रत्येक नव्या नावाच्या वेळी काहीतरी मिळाले आणि काहीतरी कायमचे सुटले. जैन परंपरेत नावाला एवढे महत्त्व का, हे पाहायचे तर या तीन नावांचा प्रवास पाहावा.

धंधुक्याचा मुलगा

अहमदाबादच्या नैर्ऋत्येला धंधुका नावाचे गाव आहे. विक्रम संवत ११४५ च्या कार्तिकी पौर्णिमेला, म्हणजे इसवी सन १०८८ मध्ये, तेथे एका मोढ वाण्याच्या घरी मुलगा जन्मला. बापाचे नाव चाचिग, आईचे पाहिणी. पाहिणी जैन मताची. चाचिग मात्र शिवाला मानणारा होता, असे एका जुन्या कथेवरून दिसते. एकाच घरात दोन देव नांदत होते आणि त्यात कोणाला वावगे वाटत नव्हते. मुलाचे नाव ठेवले चांगदेव. कुलदेवी चामुंडा आणि कुळाचा यक्ष गोनस यांच्या नावांची आद्याक्षरे जोडून ते केले, असे प्रबंधकार सांगतात.

मराठी वाचकाला हे नाव ऐकताच ज्ञानदेवांच्या भेटीला वाघावर बसून आलेले योगी आठवतील. हा चांगदेव त्यांचा कोणी नव्हे. पण नाव आपल्या ओळखीचे आहे, एवढे लक्षात असू द्यावे. शेवटी त्याकडे परत यायचे आहे.

हेमचंद्रांच्या चरित्राची साधने जुनी आहेत. सोमप्रभांनी ११८५ मध्ये, म्हणजे आचार्यांच्या निधनानंतर जेमतेम बारा वर्षांनी लिहिले. प्रभाचंद्रांचे ‘प्रभावकचरित’ १२७८ चे आणि मेरुतुंगांचा ‘प्रबंधचिंतामणी’ १३०५ च्या सुमाराचा. काळ जाईल तशी कथेत रंगत वाढत गेली. तपशिलात तिघांचे एकमत नाही. मात्र एका प्रसंगाभोवती सगळेच घुटमळतात. तो प्रसंग आहे मुलगा देण्याचा.

देवचंद्रसूरी नावाचे साधू धंधुक्यात आले. मेरुतुंग सांगतात, की खेळता खेळता चांगदेव मंदिरात शिरला आणि सरळ गुरूंच्या आसनावर जाऊन बसला. आठेक वर्षांचे पोर, पण त्याची बैठक पाहून देवचंद्र चकित झाले. गावातली मोठी माणसे बरोबर घेऊन ते पाहिणीच्या दारी गेले आणि त्यांनी मुलगा मागितला. चाचिग परगावी गेला होता. दारात गुरू उभे, सोबत सारा संघ, आणि निर्णय एकट्या बाईने घ्यायचा. पाहिणीने मुलगा दिला.

सोमप्रभांच्या कथेत मुलगा स्वतःच गुरूंच्या मागे लागतो आणि त्याचा मामा नेमी त्याची बाजू मांडतो. दीक्षेच्या वेळी मुलाचे वय एक परंपरा पाच सांगते, दुसरी आठ-नऊ. पाच घ्या की नऊ, ते मूलच होते. आजच्या आईबापांना ही गोष्ट वाचताना पोटात तुटल्यासारखे होईल, आणि ते स्वाभाविक आहे. जुन्या लेखकांनाही तसे झाले असावे. नाहीतर चाचिगाचा संताप त्यांनी एवढ्या तपशिलाने लिहिला नसता.

चाचिग घरी आला, मुलगा नाही हे कळले आणि त्याने अन्नपाणी सोडले. मुलाला पाहीपर्यंत घास घेणार नाही, अशा निश्चयाने तो कर्णावतीला, म्हणजे आजच्या अहमदाबादच्या परिसरात, पोचला. मुलगा मंत्री उदयनाच्या घरी वाढत होता. उदयनाने बापाचे स्वागत केले, जेवू घातले, मुलाला त्याच्या मांडीवर बसवले आणि पुढ्यात उंची वस्त्रे व तीन लाखांची रक्कम ठेवली. चाचिगाने पैशाला हात लावला नाही. मुलाचे मोल होत नसते, हे त्याने मंत्र्याला ऐकवले. तुमची भक्ती मात्र या रकमेहून मोठी आहे, तिच्यासाठी मुलगा देतो. पैसा मला शिवाच्या निर्माल्यासारखा आहे, त्याला शिवणार नाही, असा त्याच्या बोलण्याचा आशय होता. पुढे दीक्षेच्या समारंभात तो स्वतः सामील झाला, असे मेरुतुंग सांगतात. शंभर-दोनशे वर्षांनी लिहिलेल्या या कथेत अक्षर न् अक्षर खरे असेल असे नाही. पण मुलगा विकला नाही, दिला, हा फरक त्या बापाला महत्त्वाचा वाटत होता आणि कथा सांगणाऱ्यांनाही.

नावातला चंद्र कोणाचा?

खंभातला दीक्षा झाली आणि चांगदेवाचा सोमचंद्र झाला. जैन साधू घर सोडतो तेव्हा घरचे नावही मागे ठेवतो. नवे नाव गुरू देतात आणि अनेकदा त्यात गुरूचा किंवा कुळाचा एखादा धागा असतो. सोम म्हणजेही चंद्र, म्हणजे हे नाव दुहेरी चांदण्याचे. त्यातला चंद्र देवचंद्रांच्या नावातून आला, आणि देवचंद्र होते चंद्रकुळातले.

या चंद्रकुळाची कथा आपल्या दारातली आहे. श्वेतांबर पट्टावल्यांत सांगतात, की मोठा दुष्काळ पडला असताना वज्रसेन नावाचे आचार्य सोपाऱ्याला आले. हे सोपारे म्हणजे वसईजवळचे आजचे नालासोपारा, प्राचीन काळचे भरभराटीचे बंदर. तेथे जिनदत्त नावाच्या श्रीमंताच्या घरी शेवटचे अन्न शिजत होते. लाख मोजून मिळालेले. ते संपले की भुकेने तडफडण्यापेक्षा सगळ्यांनी एकदम मरावे, म्हणून त्याची बायको ईश्वरी त्यात विष कालवण्याच्या तयारीत होती. वज्रसेनांनी तिला थांबवले. उद्या धान्याची गलबते येतील असा धीर दिला. गलबते आली. घर वाचले. त्या घरातल्या चार मुलांनी पुढे दीक्षा घेतली आणि त्यांच्या नावांनी नागेंद्र, चंद्र, निवृत्ती आणि विद्याधर ही चार कुळे झाली. हेमचंद्रांच्या नावातला चंद्र परंपरेने असा सोपाऱ्याच्या एका मुलापर्यंत जाऊन पोचतो.

सोमचंद्राने अभ्यासात स्वतःला बुडवून घेतले. तर्क, व्याकरण, काव्य या तिन्हींत त्याने लवकरच नाव काढले. विक्रम संवत ११६६ च्या अक्षय्य तृतीयेला, म्हणजे १११० च्या सुमारास, वयाच्या एकविसाव्या वर्षी त्याला आचार्यपद मिळाले. परंपरा हा सोहळा नागपूरला झाला असे सांगते. हे विदर्भातले नागपूर नव्हे, राजस्थानातले नागौर. सोमचंद्राचा हेमचंद्र का झाला, याच्या दोन-तीन कथा आहेत. एका कथेत कोळशाचा ढीग त्याला सोन्याचा दिसतो आणि खरोखर सोन्याचा होतो; दुसरीत आगीत धरलेला त्याचा हात सोन्यासारखा झळाळतो. चमत्कार बाजूला ठेवला तरी अर्थ उरतोच. सोने आगीतून काढल्यावरच कळते.

मुलगा आचार्य झाला तेव्हा पाहिणीनेही दीक्षा घेतली, असे ‘प्रभावकचरित’ सांगते. नव्या आचार्यांनी तिला प्रवर्तिनीचे, म्हणजे साध्वींच्या प्रमुखाचे, पद देवविले. ज्या बाईने लहानगा मुलगा देऊन टाकला, ती अखेर त्याच्याच संघात आली. घरातले नाते मात्र आता बोलण्यात आणायचे नव्हते.

हत्तीवरून निघालेले व्याकरण

त्या वेळी गुजरातवर चौलुक्य राजा सिद्धराज जयसिंह याचे राज्य होते. राजधानी अणहिलवाड पाटण. सिद्धराज शैव होता. पण विद्वानांचा चाहता. बाजारातून हत्तीवर बसून जाताना त्याला वाटेच्या कडेला उभे असलेले हेमचंद्र दिसले, त्यांनी तिथल्या तिथे श्लोक रचून म्हटला आणि राजाने त्यांना दरबारात येण्याचे निमंत्रण दिले, अशी कथा आहे.

११३६ च्या सुमारास सिद्धराजाने माळवा जिंकला. लुटीत ग्रंथही आले. त्यांत भोजराजाचे व्याकरण होते. राजाला बोचले ते असे, की आपण युद्ध जिंकले, पण आपल्या राज्यातली मुले शिकतात ती परक्यांची व्याकरणे. त्याने हेमचंद्रांना नवे व्याकरण लिहायला सांगितले. आचार्यांनी आधी जुनी आठ व्याकरणे मागितली आणि ती काश्मीरहून आणवली गेली. त्यातून जो ग्रंथ झाला त्याच्या नावात राजा आणि आचार्य दोघेही आहेत: ‘सिद्धहेमशब्दानुशासन’. ग्रंथ हत्तीवरून मिरवत राजवाड्यात नेला, तीनशे लेखकांना बसवून त्याच्या प्रती काढल्या आणि त्या दूरदूरच्या प्रदेशांत पाठवल्या, असे वर्णन आहे. काकल नावाचा कायस्थ पंडित तो शिकवायला नेमला गेला.

या व्याकरणाचे आठ अध्याय. सात संस्कृतचे, आणि आठवा, १११९ सूत्रांचा, प्राकृतचा. मराठी माणसाने थांबून पाहावे असा हा आठवा अध्याय आहे. त्यात ज्या भाषेला नुसते प्राकृत म्हटले आहे ती मुख्यतः महाराष्ट्री, आपल्या मराठीची पूर्वज. अखेरच्या भागात अपभ्रंशाचे नियम आहेत आणि उदाहरणादाखल लोकांच्या तोंडची कितीतरी पद्ये दिली आहेत. ती तेथे उतरवली गेली नसती तर बहुतेक हरवलीच असती.

त्यांच्या इतर ग्रंथांची नुसती यादीही मोठी होईल. ‘अभिधानचिंतामणी’ हा कोश, ‘काव्यानुशासन’, ‘प्रमाणमीमांसा’. ‘द्व्याश्रय’ काव्यात एकाच वेळी दोन कामे साधली आहेत: चौलुक्य राजांचा इतिहासही सांगायचा आणि आपल्याच व्याकरणाची उदाहरणेही क्रमाने द्यायची. ‘त्रिषष्टिशलाकापुरुषचरित’ म्हणजे २४ तीर्थंकर, १२ चक्रवर्ती आणि नऊ-नऊ बलदेव, वासुदेव व प्रतिवासुदेव अशा ६३ महापुरुषांची चरित्रे.

‘छंदोनुशासना’तली एक गोष्ट घरातल्या मुलांना सांगण्यासारखी आहे. लघू अक्षराची एक मात्रा, गुरूच्या दोन, हे शाळेत आपण शिकतो. आता दोन मात्रा किती प्रकारे भरता येतील? दोन लघू किंवा एक गुरू, म्हणजे दोन प्रकारे. तीन मात्रा तीन प्रकारे, चार मात्रा पाच प्रकारे, पाच मात्रा आठ प्रकारे. पुढचा आकडा हवा तर मागचे दोन मिळवायचे, हा नियम हेमचंद्रांनी ११५० च्या सुमारास दिला. त्यांच्याआधीही छंदःशास्त्राच्या काही जाणकारांना तो ठाऊक होता. युरोपात हीच आकड्यांची माळ इटलीच्या फिबोनाचीच्या नावाने ओळखली जाते. त्याचे पुस्तक १२०२ चे.

राजा आणि आचार्य

सिद्धराजाला मूल नव्हते. गादी नात्यातल्या कुमारपालाकडे जाईल या भीतीने तो त्याच्या जिवावर उठला. कुमारपाल वेषांतर करून वर्षानुवर्षे भटकला. एकदा शिपाई मागावर असताना हेमचंद्रांनी त्याला ताडपत्रांच्या ढिगाखाली लपवले, असे सांगतात. ११४३ मध्ये सिद्धराज वारला आणि पन्नाशीच्या घरातला कुमारपाल राजा झाला.

या राजावर हेमचंद्रांचा फार मोठा प्रभाव पडला. त्याच्यासाठी त्यांनी ‘योगशास्त्र’ लिहिले. राज्यात प्राण्यांच्या हत्येला बंदी झाली. किराडूच्या ११५२ च्या शिलालेखात ठरावीक तिथींना हत्या केल्यास दंड सांगितला आहे. तो कुमारपालाच्या एका मांडलिकाचा लेख आहे. ज्यांचा धंदा बुडाला त्यांना तीन वर्षे पुरेल इतक्या धान्याची भरपाई दिल्याचा उल्लेख ‘द्व्याश्रया’त आहे. नुसता हुकूम काढून पोट भरत नाही, याची जाण त्यात दिसते.

दुसरा निर्णय बायकांच्या दृष्टीने अधिक मोलाचा होता. पुरुष वारस न ठेवता कोणी मेला, की त्याची मालमत्ता राजाच्या खजिन्यात जमा होई. नवरा गेला, मुलगा गेला आणि वर घरही जाणार, अशी त्या बाईची स्थिती. अशाच एका बाईचे रात्रीचे रडणे ऐकून कुमारपालाने ते धन घेणे सोडले, असे ‘द्व्याश्रय’ सांगते.

हे सारे करताना राजाने जुना देव टाकला नाही. लेखांमधून तो स्वतःला शिवाचा कृपापात्र म्हणवत राहिला, आणि ११६९ च्या लेखावरून दिसते, की सोमनाथाचे मंदिर त्याच्या काळात नव्याने बांधले गेले. हेमचंद्र त्याच्याबरोबर सोमनाथाला गेले तेव्हा आता आचार्य काय करतात, याकडे विरोधकांचे डोळे लागले होते. आचार्यांनी नमस्कार केला. ज्याचे राग-द्वेष संपले आहेत तो कोणत्याही नावाचा असो, त्याला माझा नमस्कार, अशा अर्थाची स्तुती त्यांनी रचली. आईचा जिन आणि बापाचा शिव एकाच घरात पाहिलेल्या मुलाला हे जड गेले नसावे.

११७३ च्या सुमारास, ८४ व्या वर्षी, अन्नत्याग करून हेमचंद्रांनी देह ठेवला. काही महिन्यांत कुमारपालही गेला. पुढचा राजा अजयपाल याने जैनांचा छळ केला आणि आचार्यांचे थोर शिष्य, नाटककार रामचंद्र यांना मारले. शिष्यांची नावे पाहा: रामचंद्र, गुणचंद्र, बालचंद्र, उदयचंद्र. गुरूकडून घेतलेला चंद्र हेमचंद्रांच्या शिष्यांकडेही आला. आज पाटणच्या विद्यापीठाला हेमचंद्राचार्यांचे नाव आहे आणि तेथल्या ज्ञानमंदिरात जुनी ताडपत्रे जपून ठेवली आहेत.

देशी शब्दांच्या यादीत

त्यांचे ऋण महाराष्ट्रानेही ओळखले. १८६३ मध्ये मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात शिकवायला आलेले जर्मन पंडित ब्यूलर गुजरातमधून हस्तलिखिते शोधत हिंडले आणि १८८९ मध्ये त्यांनी हेमचंद्रांचे पहिले चिकित्सक चरित्र लिहिले. पुण्याच्या परशुराम लक्ष्मण वैद्यांनी १९२८ मध्ये आठव्या अध्यायाची आवृत्ती काढली. आणि मुंबईच्या संस्कृत ग्रंथमालेत १८८० मध्ये पिशेल यांनी संपादलेली ‘देशीनाममाला’ छापून आली.

‘देशीनाममाला’ हा वेगळाच कोश आहे. लोकांच्या बोलण्यात असलेले, पण संस्कृत धातूंपासून ज्यांची फोड करता येत नाही असे सुमारे चार हजार शब्द हेमचंद्रांनी त्यात गोळा केले. आयुष्यभर सूत्रे रचणाऱ्या वैयाकरणाने, आपल्या सूत्रांत न बसणाऱ्या शब्दांसाठी स्वतंत्र ग्रंथ लिहिला. त्याच्या तिसऱ्या वर्गाच्या आरंभीच एक शब्द येतो: चंग. अर्थ दिला आहे सुंदर. आपला चांगला त्याच शब्दाचा.

चांगदेव या नावाशी त्याचा संबंध प्रबंधकार सांगत नाहीत. ते चामुंडेकडे बोट दाखवतात. पण ऐकणाऱ्याच्या कानाला दोन्ही शब्द शेजारचेच वाटतात. तो शब्द लिहिताना वृद्ध आचार्यांना धंधुक्यातली हाक आठवली असेल का? साधूने घरचे नाव मागे ठेवायचे असते, आणि त्यांनी ते ठेवले होते. हेम आणि चंद्र हे संस्कृतातले दोन्ही झळझळीत शब्द त्यांना गुरूंनी दिले. पाहिणीने हाक मारली असेल ती मात्र घरगुती नावाने. आपण लेकराला चांगला म्हणतो तेव्हा ते नाव जवळजवळ पुन्हा उच्चारतो, आणि आपल्याला त्याची कल्पनाही नसते.